बाबाला मॅमथ सांगताना

आमच्या पाड्यावर जनावरांशी संबंध असलेली एकच नोकरी लोकांना माहीत आहे, ती म्हणजे ढोरांच्या डॉक्टरची. तो मोटरसायकलवरून येतो, बैलाला सुई टोचतो, चहा घेतो आणि जातो. त्यामुळे मी पालघरच्या कॉलेजात प्राणिशास्त्र घेतलं, तेव्हा घरी नीट समजावून सांगूनही बाबाच्या डोक्यात एवढंच राहिलं, की पोरगी ढोरांची डॉक्टर होणार. मी म्हणाले, तसं नाही. तो म्हणाला, "होशील गं. लगेच कोन होतो?" आणि पाड्यावर तसंच पसरलं.

मग फोन यायला लागले. कुणाची शेळी चारा खात नाही, कुणाची गाभण गाय उठत नाही. आमच्या पुस्तकात गांडुळाची आतडी आणि झुरळाचे पाय आहेत. मी सांगायची, सरकारी दवाखान्यात न्या. पलीकडचा माणूस समाधानाने म्हणायचा, "न्यावा लागल म्हंजे. बरा झाला तुला विचारला." दर वेळी खुलासा करायचा म्हटलं तर किती जणांना करणार? हळूहळू मी तो करणं सोडून दिलं.

मी बोईसरला ताईच्या खोलीत राहते. दाजी एका कारखान्यात पाळीवर जातात, ताई दुसऱ्या कारखान्यात पॅकिंग करते आणि लहान मूल दोघं आलटूनपालटून सांभाळतात. मधल्या वेळात ते माझ्याकडे असतं. कॉलेजला लोकलने जाताना मध्ये उमरोळी लागतं आणि मग पालघर, तेवढ्या वाटेत मी वाचते. कॉलेजात भांडण कुणाशीच नाही, पण सुटीत डबा खायला माझ्याशेजारी ठरवून बसेल असंही कुणी नाही. वर्गातल्या बऱ्याच मुली एकमेकींना शाळेपासून ओळखतात. त्यांच्या घरी संध्याकाळी कुणीतरी विचारत असावं, आज काय शिकवलं. आमच्याकडे विचारतात, "पास झालीस ना?" हे प्रेमानेच विचारतात. पण त्याच्यापुढे बोलणं जात नाही.

तिसऱ्या वर्षी सरांनी प्रत्येकाला सेमिनार दिला. मला विषय आला: मॅमथ, म्हणजे फार पूर्वी नाहीसा झालेला केसाळ हत्ती, आणि त्याला परत आणण्याचे प्रयत्न. सर म्हणाले, "मराठीत बोललीस तरी चालेल. पण आधी घरी सांगून बघ. विज्ञान न शिकलेल्या माणसाला कळलं, तर वर्गाला कळेल." बाकीच्यांनी ते वहीतसुद्धा लिहून घेतलं नाही. मी मात्र तेव्हापासून ऐकणारा माणूस शोधत होते.

ताईला सांगायला बसले, तर मूल रडायला लागलं. दाजींनी थोडं ऐकलं आणि विचारलं, "हे हत्ती आता हायेत का?"

"नाहीत."

"मंग परीक्षेला कशाला?"

मी लायब्ररीत बसून वाचत राहिले. हे केसाळ हत्ती जवळजवळ सगळीकडून संपले, तरी उत्तरेच्या समुद्रातल्या एका बेटावर थोडे उरले होते. पाणी चढलं आणि बेट जमिनीपासून तुटलं. तिथे त्यांच्या कितीतरी पिढ्या झाल्या. सुमारे चार हजार वर्षांपूर्वी तेही गेले, आणि का गेले ते नक्की सांगता येत नाही. तोवर माणसं शेती करत होती, शहरं बांधत होती. शेवटचा जो कोणी उरला असेल, त्याने आवाज दिला असेल का, असं काही पुस्तकात नव्हतं. मी ते पान पुन्हा पुन्हा काढून वाचत होते. सेमिनारला त्याचा उपयोग नव्हता.

भाताची कापणी, झोडणी उरकली आणि बाबा खाली आला. दर वर्षी तो त्या सुमारास किनाऱ्यावरच्या एका गावात बोटीवर खलाशी म्हणून जातो आणि जाताना एक रात्र ताईकडे थांबतो. या वेळी त्याच्या येण्याची मला धास्ती होती. परीक्षा झाली की मी डॉक्टर होऊन नोकरीला लागणार, असं तो धरून चालला होता. मला एम.एस्सी. करायची होती. डॉक्टर होणारच नाही हे त्याला कळलं, तर पुढच्या शिक्षणाला तो हो म्हणण्याचं काही कारण उरत नव्हतं. शिवाय ताईच्या कारखान्यात माझ्यासाठी दाजींनी शब्द टाकून ठेवलाच होता.

जेवायला अजून अवकाश होता. बाबा उंबऱ्यात बसून तंबाखू मळत होता. दाजींना सुटी होती. बाबाने आपणहून विचारलं, "काय चालला हाय कालेजात?"

मी म्हणाले, "एका जनावराबद्दल बोलायचं आहे वर्गासमोर. ऐकतोस?"

"सांग ना. मला कुठं जायाचा हाय आता?"

कुठून सुरू करावं ते मला सुचेना. मग मी विचारलं, "बोटीवर बर्फात मासा किती टिकतो?"

"बर्फ चांगला असला तर आठवडा, वर एखाद दिस."

"आणि बर्फ कधी वितळलाच नाही तर?"

"असा कुठं असतो?"

"आहे. उत्तरेकडे खूप लांब. तिथे मातीच्या खाली जमीनच गोठलेली असते. त्या जमिनीत या हत्तीचं एक पिल्लू सापडलं. हजारो वर्षांपूर्वीचं. कातडी तशीच. पोटात दूध होतं."

बाबाचा अंगठा थांबला. "दूध?"

"आईचं."

ताई पोळपाट बाजूला सारून दारापाशी आली. मी सांगत गेले. त्यांना मोठे कान नव्हते, कारण थंडीत कान आधी गारठतात. प्रत्येक प्राण्याच्या अंगात कणाकणात लिहिल्यासारखं असतं, केस केवढे, कान केवढे. मेलेल्या अंगातलं ते लिखाण फाटून तुकडे तुकडे होतं. शास्त्रज्ञ ते तुकडे जुळवून वाचतात आणि आपल्याकडच्या हत्तीच्या लिखाणात थोडा थोडा बदल करून बघतात. उद्या जमलंच तर ते पिल्लू हत्तिणीच्या पोटात वाढवतील, नाहीतर यंत्रात. ते अगदी मॅमथ नसेल. मॅमथसारखा केसाळ हत्ती असेल.

"हत्तीण किती महिने गाभण असते?" ताईने विचारलं.

"जवळजवळ दोन वर्षं."

"दोन वर्षं? मी नऊ महिन्यांत रडकुंडीला आलेली."

"मीबी," दाजी म्हणाले, आणि ताईने त्यांना कोपर मारलं.

"आणि आतापत्तूर झाला काय?" बाबाने विचारलं.

"अजून नाही. आतापर्यंत तसे बदल उंदरांत करून लांब केसांचे उंदीर तयार केलेत."

दाजी हसले. "हत्तीच्या नावानं उंदीर."

बाबाही हसला. मला फार बरं वाटत होतं. एवढा वेळ माझं बोलणं घरात कुणी ऐकलंय असं पूर्वी झालं नव्हतं. माझी भीड गेली होती.

मग बाबा म्हणाला, "ते पयला जन्मल, ते एकलाच असल काय?"

"पहिलं तर एकटंच."

"मंग त्याला शिकवल कोन? बर्फात काय खायाचा, कुठं जायाचा?"

"हत्तीण असेल ना."

"तिला काय ठावं बर्फातला? तिनं कवा बघितला?" तो जरा विचार करून म्हणाला, "पन तुमी डाक्टर लोक असाल. तुमी बगाल त्याला."

हे तो किती सहज म्हणाला. मान हलवली असती तर ती संध्याकाळ तशीच राहिली असती. ताई माझ्याकडे बघत होती, तिला खरं माहीत होतं.

मी म्हणाले, "बाबा, मी डॉक्टर नाही होणार. त्याचं कॉलेज वेगळं असतं. मी ते शिकतच नाहीये. मी पहिल्या वर्षीच सांगितलं होतं."

तो म्हणाला, "मंग काय शिकतेस?"

"हेच. आत्ता सांगितलं ते."

"याची नोकरी मिलते?"

"अजून दोन वर्षं शिकले तर मिळेल कदाचित. शिकवण्याची. नक्की नाही सांगता येत."

बाबाने मळलेली तंबाखू तशीच तळहातावर धरली होती. ती खायची की टाकायची हे ठरत नसल्यासारखा तो तिच्याकडे बघत राहिला. मग म्हणाला, "सगल्या पाड्याला सांगितला हाय मी." रागावला असता तर मला सोपं गेलं असतं. जेवताना तो ताईशी भाताबद्दल बोलला आणि नातवाला भरवलं. माझ्याशी बोलला नाही, आणि मलाही काही विचारवेना.

सकाळी मी उठले तेव्हा तो गेला होता.

सेमिनार त्याच आठवड्यात झाला. बाबाला सांगितलं होतं त्याच क्रमाने, बर्फापासून, मी सांगितलं. पुढच्या बाकावरच्या दोघी शेवटपर्यंत ऐकत होत्या. पिल्लाच्या पोटातल्या दुधाचं आलं तेव्हा मागच्या बाकांवरच्यांनीही माना वर केल्या. सर म्हणाले, "छान." मग पुढच्या मुलाचं नाव पुकारलं गेलं. जिना उतरताना मला वाटलं, आता कुणालातरी सांगावं. मी फोन काढला आणि नुसता हातात धरून खाली व्हरांड्यात उभी राहिले. बाबा एव्हाना समुद्रात असेल असं मी धरलं होतं. तिकडे गेलं की फोन लागत नाही, बोट परतेपर्यंत.

त्याचाच फोन आला. मागे माणसांचा आरडाओरडा होता, कुणीतरी दोर सोडायला सांगत होतं.

"झाला काय तुझा हत्ती?"

"झाला."

"नीट बोललीस?"

"बोलले."

"पाड्यावर मी सांगन लोकांना. तू नको सांगू. फोन आला तर म्हन, बाबाला विचारा."

"बरं."

"आनी एक वरीस शिक पुढं. मंग बगू."

मी म्हणाले, "बाबा, ते दोन वर्षांचं असतं."

तिकडे बोटीचं इंजिन चालू झालं. तो काहीतरी म्हणाला, ते मला नीट ऐकू आलं नाही, आणि मी म्हणाले ते त्याला ऐकू गेलं की नाही तेही कळलं नाही. मी फोन कानाला तसाच धरून ठेवला. थोड्या वेळाने आवाज तुटला. बोट परत यायला आठवडा तरी लागणार होता.