पाठमोरा माणूस

जिल्ह्यातल्या एका दैनिकात मी गेली एकोणीस वर्षं व्यंगचित्रं काढते. पहिल्या पानावर खाली उजव्या कोपऱ्यात जो चौकोन असतो, तो माझा. सकाळी शाळेत चित्रकला शिकवायची, दुपारी भिसेगावातल्या घरी येऊन पेपर चाळायचे आणि पाचच्या आत चित्र संपादकांना पाठवायचं. पूर्वी पाकीट एसटीच्या ओळखीच्या कंडक्टरकडे द्यायचे, आता मोबाइलवरून फोटो जातो. वडील रेल्वेत गाड्यांचे रूळ बदलणारे पॉइंट्समन होते. विहारात कुणी भेटलं की ते खिशातून माझ्या चित्राचं कात्रण काढून दाखवायचे. मला मात्र चित्र छापून आलं की धास्ती वाटायची, अगदी पहिल्या चित्रापासून. लोकांना वाटतं, अशी चित्रं काढणारी बाई धीट असणार. मी धीट नव्हते. कागदासमोर बसलं की तेवढा वेळ भीती विसरायला व्हायची, इतकंच.

तीन वर्षांपूर्वी थंडीच्या दिवसांत कळंबकडच्या एका गावातून एक म्हातारे शेतकरी मला भेटायला शाळेत आले. मधल्या सुट्टीची वेळ होती. आम्ही व्हरांड्यातल्या बाकावर बसलो. पंधरा दिवसांपूर्वी त्यांची बायको वारली होती. गावातून नदीकाठच्या स्मशानात जाणारी वाट ज्या जमिनीतून जायची ती विकली गेली होती आणि तिथे रिसॉर्ट झालं होतं. वाटेवर भिंत आणि लोखंडी गेट आलं होतं. तिरडी घेऊन माणसं गेटापाशी पोचली तेव्हा वॉचमननं त्यांना थांबवलं. तो बाहेरून आलेला, नवा होता. त्यानं कुणाला तरी फोन लावला, तो लागेना. अर्धा तास तिरडी खांद्यावर घेऊन माणसं उन्हात उभी राहिली. शेवटी सगळे मागे वळले आणि नदीच्या पात्रातून, गुडघाभर पाण्यातून तिला नेलं.

हे सगळं त्यांनी खालच्या आवाजात सांगितलं. मी काय करावं असं त्यांचं म्हणणं आहे, ते मी विचारलं.

"काय करा असं नाय म्हनत मी," ते म्हणाले. "तुमच्या चित्रातली माणसं आमच्यासारखी दिसतात. म्हणून सांगितलं."

त्या दुपारी मी चित्र काढलं. गेटापाशी चौघं तिरडी घेऊन उभे आहेत आणि वॉचमन वही उघडून विचारतोय, "बुकिंग आहे का?" मागे हिरवळीवर खुर्चीत एक माणूस शहाळं पीत बसलाय, पाठमोरा. रिसॉर्टमध्ये तालुक्यातल्या एका पुढाऱ्याची भागीदारी आहे, हे सगळ्यांना माहीत होतं. त्यांची मान आखूड आणि जाड होती आणि उपरणं ते नेहमी डाव्या खांद्यावरून मागे टाकायचे. मी तेवढंच काढलं. पाठ कुणाचीही असू शकते, असं मी स्वतःला सांगितलं आणि चित्र पाठवून दिलं.

दुसऱ्या दिवशी शाळा सुटेपर्यंत ते सगळ्या तालुक्याच्या मोबाइलवर फिरलं होतं. कुणीतरी त्या पाठीभोवती लाल गोल काढून खाली पुढाऱ्यांचं नाव लिहिलं होतं. स्टाफरूममध्ये मी गेले तशी बोलणी थांबली. घरी येऊन मी ताट वाढून घेतलं आणि तेवढ्यात फोन वाजला. नंबर अनोळखी. आवाज शांत होता, थोडा आपुलकीचासुद्धा.

"ताई, चित्र मस्त होतं. तुमचे मिस्टर खोपोलीकडे कारखान्यात असतात ना? पळसदरीच्या रस्त्यानं बाइकवर येतात. रस्ता चांगला नाही तो. जपून यायला सांगा."

फोन बंद झाला. मी ताट तसंच ठेवून खिडकीत जाऊन उभी राहिले. पहिली पाळी करून यांना घरी यायला चार-सव्वाचार होतात. मी फोन लावला, पण गाडी चालवताना हे उचलत नाहीत. पावणेपाच झाले. रस्त्यावरून बाइक गेली की मी वाकून पाहायचे. जिन्यावर पावलं वाजली, ती खालच्या बिऱ्हाडातल्या बाईंची होती. पाच वाजता हे आले. हातात पालेभाजीची पिशवी होती. वाटेत टायर पंक्चर झाला होता, म्हणाले. मी तिथेच खाली बसले आणि फोनचं सांगितलं.

सगळं ऐकून त्यांनी भाजीची पिशवी ओट्यावर ठेवली. मग म्हणाले, "रस्ता खराब आहेच." पण दुसऱ्या दिवशी त्यांनी बाइक काढली नाही. तेव्हापासून ते रोज रेल्वेनं जाऊ लागले.

पोलिसांत जायचा विचार मनात आला होता. पण सांगणार काय? कुणीतरी जपून यायला सांगितलं? संपादकांना फोन केला तर ते म्हणाले, काही दिवस हवामान, क्रिकेट, महागाई, असं काढा. मी तसंच काढलं. कांद्याचं चित्र काढतानासुद्धा या कांद्यात कुणाला काही दिसेल का, म्हणून मी तो चारदा पुसला. मुलगी नववीत होती. तिला क्लासला सोडायला आणि आणायला मी स्वतः जायला लागले. तिनं विचारलं तर चालणं बरं असतं म्हणाले.

आठवड्यानं पुढाऱ्यांच्या ऑफिसातून बोलावणं आलं. जाऊ नको, असं हे म्हणाले. न जाण्याची मला जास्त भीती वाटली. हे माझ्याबरोबर आले, पण त्यांना बाहेरच्या बाकावर बसवून मला एकटीला आत नेलं. आत पाच-सहा माणसं भिंतीला टेकून उभी होती. पुढाऱ्यांनी उठून नमस्कार केला, चहा मागवला. मुलगी हुशार आहे, गणिताच्या क्लासला मागच्या बाकावर बसते, पुढे बसवा, असं म्हणाले. मी चहा न पिताच कप खाली ठेवला.

मग त्यांनी कोरा कागद आणि मार्कर पुढे सरकवला.

"पाठ काढलीत. आता समोरून काढा."

मी काढलं. वीस मिनिटं लागली असतील. त्यांच्या डोळ्यांखालच्या पिशव्या मी काढल्या नाहीत. मान लांब केली. ओठांवर नव्हतं ते हसू दिलं. रेघ अशी गुळगुळीत आली की माझं मलाच आश्चर्य वाटलं. त्यांनी कागद न्याहाळला आणि सही करायला सांगितली. तीही मी केली.

महिन्याभरात त्यांचा वाढदिवस आला. चारफाट्यापासून कळंबच्या रस्त्यापर्यंत फ्लेक्स लागले आणि प्रत्येकावर ते चित्र होतं, खाली माझी सही. शाळेतल्या एका बाईंनी माझं अभिनंदन केलं. त्यांनी ते मनापासून केलं होतं, म्हणून आणखी लागलं. भीती कमी झाली नव्हती. आता तिच्यात लाजही होती. त्या म्हाताऱ्यांनी तो फ्लेक्स पाहिला असेल, हे डोक्यातून जाईना.

शेवटी एका रविवारी मी त्यांच्या गावी गेले. ते अंगणात वाल निवडत बसले होते. मी उभ्या उभ्याच सगळं सांगितलं, फोन, ऑफिस, चित्र. वाटलं, हे आत निघून जातील. त्यांनी पाट पुढे केला.

"बस गं बाय," ते म्हणाले. "तू भ्यालीस. आमी पन भ्यालो. गेटापाशी आमी चाळीस माणसं होतो आनि वॉचमन एकटा. तरी एकानं तोंड उघडलं नाय. मी पन नाय. माझीच बायको खांद्यावर होती."

मग ते पुन्हा वाल निवडायला लागले आणि थोड्या वेळानं सुनेला चहा टाकायला सांगितलं.

घरी आल्यावर मी आणखी एक चित्र काढलं. एक बाई खाली मान घालून कागदावर चित्र काढतेय. तिच्या समोर खुर्चीत एक माणूस, मागे भिंतीला टेकून पाच-सहा जण. कागदावरचा चेहरा हसतोय, खुर्चीतला हसत नाही. खाली ओळ होती, "अगदी हुबेहूब." ह्यांना दाखवलं. त्यांनी दोनदा पाहिलं आणि विचारलं, "पाठवणार आहेस?" मी हो म्हणाले. ते म्हणाले, "मग मुलीला थोडे दिवस तुझ्या भावाकडे शेलूला ठेवू."

संपादकांनी चित्र तीन दिवस छापलं नाही. चौथ्या दिवशी ते आतल्या पानावर आलं. फोन आला नाही. पुढच्या दिवशीही नाही. त्यानंतरचे सहा-सात आठवडे सगळ्यात वाईट गेले. मोबाइल वाजला तरी दचकायचे आणि वाजला नाही तरी. दारातल्या चपला रोज मोजायचे, कुणी परकं तर आलं नाही ना म्हणून. वजन उतरलं. रक्तदाबाची गोळी तेव्हा सुरू झाली ती आजही आहे. मुलगी दोन महिन्यांनी परत आली.

उन्हाळ्यात त्या गावातली माणसं, बायकांसह, चार दिवस तहसील कचेरीसमोर बसली. मोजणी झाली आणि भिंतीच्या कडेनं स्मशानापर्यंत तिरडी जाईल एवढी वाट सोडायची ठरली. ती सोडलीही. माझ्या चित्रामुळे हे झालं, असं मी म्हणत नाही. म्हातारे त्या चारही दिवशी पहिल्या रांगेत होते, असं नंतर कळलं.

मागच्या वर्षी नेरळला एका लग्नात ते पुढारी भेटले. गर्दीतून वाट काढत माझ्याजवळ आले आणि म्हणाले, "ताई, त्या 'हुबेहूब'वाल्या चित्रात मला बारीक दाखवलंत. आभार." ते हसत होते, बरोबरची माणसंही हसली. ती चेष्टा होती की आणखी काही, हे मला अजून ठरवता आलेलं नाही. मीही हसले आणि जेवणाच्या रांगेत जाऊन उभी राहिले.

मी अजून रोज काढते. पाठवण्याआधी चित्र खिडकीपाशी नेऊन पाहते. काही दिवशी एखादी रेघ खोडते, काही दिवशी तशीच राहू देते. कोणत्या दिवशी काय खोडलं, ते वाचणाऱ्याला दिसत नाही.