सत्काराच्या शालीचं पोतेरं

जुने कपडे फेकू नका, पृथ्वी वाचवा, असं भाषण मी बीडच्या एका कॉलेजात तासभर ठोकलं. बदल्यात मिळाली करकरीत नवी शाल, प्लास्टिकच्या पिशवीत. अशा शालींनी आमचं अर्धं कपाट अडलंय.

बायकोनं मात्र आजवर चिंधी वाया घालवली नाही. सुती साडी विरली की तिची गोधडी होते आणि गोधडी फाटली की फरशी पुसायचं पोतेरं. त्याच सवयीनं तिनं माझी शाल बादलीत बुडवून, पिळून फरशीवर फिरवली. शाल पाणी टिपेचना, नुसतं इकडून तिकडं ढकलत राहिली. कमरेवर हात ठेवून ती म्हणाली, "ह्याचं पोतेरं बी व्हईना. आन् लोकायला शहाणपण शिकवून तुमी हे घेऊन आलाव?"