ताटातली चूळ

नाचणगावच्या देवकाबाईला नवऱ्याचा राग येत नसे, किळस येई. राग असला तर भांडता तरी येतं. बाबाराव जेवला की ताटातच हात धुवायचा आणि तंबाखू-सुपारीच्या खर्र्याची तपकिरी चूळ उरलेल्या भातावर थुंकायचा. तीस वर्षं ते ताट तिनेच उचललं. मारझोड नाही, दारू नाही, मग तक्रार कसली, असं माहेरचे म्हणत. ताट उचलावं लागत नाही, त्यांना म्हणायला काय जातं!

अशात पुलगावच्या बाजारात भैय्याजी भेटला. नालवाडीत त्याचं भाजीचं दुकान. धुतलेला सदरा, पांढरे दात. देवकाबाई तिथे सांबार, म्हणजे कोथिंबीर, विकायला बसे; तो तिच्याकडूनच घ्यायचा, जुडी नाकाशी धरायचा.

"काय साफ निवडता जी तुमी! माही बायको तं असून नसल्यासारखी हाये. तुमी या ना नालवाडीले. दुकान सांभाळजा, मागं खोली हाये. राणीसारखं ठेवीन."

पन्नाशीच्या बाईला कोणी राणी म्हटलं तर तिला हसू यायला हवं. देवकाबाई लाजली.

बहिणीकडे जाते सांगून, पिशवीत दोन लुगडी कोंबून ती एका सकाळी एसटीने निघाली. दुकानामागच्या खोलीत सडक्या पाल्याचा वास कोंडला होता. एक बाई सांबाराचे काळे पडलेले देठ अंगठ्याच्या नखाने खुडत बसली होती. बोटं पाण्याने चिघळलेली. भैय्याजीची बायको! वरही न पाहता ती गोणपाटावर सरकली, अर्धा ढीग पुढे लोटला.

"बसा. नखं हायेत ना? मागचीचे लई लहान होते. आठ दिवसांत पळाली."

दुकानातून भैय्याजी ओरडला, "देवके, पहिले मेथी निवडून घेजो वं! चहा मंग पाहू!"

देवकाबाईने पिशवी उचलली आणि सरळ एसटी गाठली. नवऱ्याच्या ओढीने परतली, असं कोणी समजू नये. जायला दुसरी जागा नव्हती.

संध्याकाळी बाबाराव जेवला. तांब्या तोंडाला लावून त्याने चूळ भरली.

"ताटात थुंकाचं नाई," ती म्हणाली. "मी उचलनार नाई आता. बाहेर जा."

गाल फुगवून तो तिच्याकडे बघत राहिला. दारापर्यंत उठायचाही कंटाळा. शेवटी त्याने सगळं गिळून टाकलं.

देवकाबाईने पदर नाकाशी धरला. पण ताटाला तिने हात लावला नाही.