हात आणल्याशिवाय बांगडी नाही

रंगूबाई कासारणीचा एक नियम होता. आधी हात समोर आणा, मग बांगडी मागा. बायकोसाठी, बहिणीसाठी न्यायला आलेल्या गड्याला ती सरळ माघारी धाडायची. "माप काय खिशात घालून आणलंस व्हय? जा, हात घिऊन ये."

वालचंदनगरच्या अलीकडच्या गावात तिचं घर, आणि आसपासच्या आठवडे बाजारांत तिचं गोणपाट. समोर बसलेल्या बाईचा पंजा ती हळूच दाबायची, अंगठ्याचं हाड आत सरकवायची, आणि बाई सासूचं गाऱ्हाणं सांगत असतानाच बांगडी मनगटावर आलेली असायची. भरून झाल्या की वर एक फुकट. ती आशीर्वादाची. "हाताला बळ दे गं आई," असं पुटपुटून घालायची. तिचे स्वतःचे हात मोकळे. नवरा गेला तेव्हा भावकीतल्या बायांनी तिचे हात दगडावर ठेवून काम उरकलं होतं.

हा नियम तिनं एकाच माणसासाठी मोडला. नागेशसरांसाठी.

सर बारामती रस्त्यावरच्या एका निवासी सैन्यभरती अकॅडमीचे. उसाच्या मधोमध पत्र्याचं शेड, मातीचा ट्रॅक, गेटवर रणगाड्याचं चित्र. आठवीपासूनची पोरं तिथं ठेवतात. शाळा नावाला, कवायत दिवसभर. आपल्याकडं असल्या अकॅडम्या रसवंतीगृहांसारख्या उगवल्यात. परवानगी कोण देतं, तपासतं कोण, विचारून बघा एकदा. मी अर्ज देऊन विचारलंय. उत्तर अजून वाटेतच आहे.

सर बुलेटवरून उतरायचे. "मावशी, हिरव्या द्या. मोठ्या मापाच्या."

"हात कुठाय?"

"लय हात हायेत, मावशी. कुणाच्याबी हातात बसल्या पायजेत."

रंगूबाईला वाटलं, पोरींची तुकडी असणार. हल्ली पोरीही भरतीला उतरतात. उन्हातान्हात पळणाऱ्या पोरी, त्यांना कसली मापं विचारायची? तिनं बांगड्या जुन्या पेपरात गुंडाळल्या, लाल दोऱ्यानं बांधल्या आणि वर एक आशीर्वादाची घातली. प्रत्येक खेपेला घातली.

त्या अकॅडमीत एकही पोरगी नव्हती.

तिचा मुलगा रणजित. तरुणपणी भरतीच्या मैदानातून परत आलेला, छाती मापात बसली नाही म्हणून. आता एका कंपनीच्या गेटवर वॉचमन. अंगावर वर्दी आहे, पण सलाम ठोकायचा तो मॅनेजरच्या गाडीला. ही सल त्यानं पोराच्या अंगावर शिवली. अविराज नीट चालायलाही लागला नव्हता, तेव्हा त्याच्यासाठी फौजी ड्रेस आला. पंधरा ऑगस्टला गल्लीभर मिरवणूक. पोरगं पडलं, गुडघा फुटला, तोंड वाकडं झालं, की रणजित गरजायचा, "रडतो का पोरीगत? फौजी हाईस तू!" पोरगं रडं गिळायचं. लोक म्हणायचे, काय शिस्तीचं लेकरू!

त्याची थोरली बहीण छकुली. सकाळी कालव्याच्या भरावावर दोघं पळायची आणि छकुली कायम पुढं. एकदा रणजितनं तिला बाजूला घेतलं. "भावाच्या पुढं पळू नगंस. त्याचं मन खचतंय."

दुसऱ्या दिवसापासून ती मागं पळायला लागली. पाय तिचेच, पण पळायचं भावाच्या बेतानं. अविराजला ते कळत होतं. तो आणखी हळू पळायचा, मग बापाची शिवी खायचा. आठवीत त्याला अकॅडमीत घातलं. छकुली म्हणाली, "मलाबी घाला की." आख्खं घर हसलं. "तुला काय शिमेवर जायाचंय?"

यंदाच्या उन्हाळ्यात रंगूबाई नातवाला लाडू द्यायला गेली. अविराज गेटपर्यंत आला तो लंगडत, मधेच थांबून नडगी दाबत. डबा घ्यायला त्यानं हात पुढं केला आणि तिची नजर मनगटावर गेली. गोल ओरखडे. अंगठ्याच्या बुडाशी साल निघालेली.

"ह्ये कशानं?"

"तारंचं कंपाउंड लागलं."

"आरं, जलम गेला माझा. हातापरीस बारीक माप रेटलं की हात असा सोलतो. कुणी भरल्या?"

पोरानं इकडंतिकडं पाहिलं. मग खालच्या आवाजात एकेक शब्द काढला. पाय दुखतो म्हणून तो पळताना थांबला होता. जो थांबेल, जो रडेल, त्याला संध्याकाळच्या हजेरीत बांगड्या. सर फक्त पुडा देतात, भरतात पोरंच. मग बांगड्या घालून सगळ्यांना जेवण वाढायचं, "वहिनी, भाजी आणा, वहिनी, पाणी आणा" ऐकत. काल ज्याला भरल्या, तो आज दुसऱ्याचा हात सगळ्यांत जोरात धरतो.

"आजी," तो म्हणाला, "त्या तुझ्या हुत्या. लाल दोरा वळखला मी. पर कुणाला सांगितलं न्हाय."

रंगूबाई तशीच शेडकडं गेली. नागेशसरांनी खुर्ची दिली, चहा मागवला. माणूस तोंडानं गोड.

"मावशी, पोरं घडवतोय आपण. शिमेवर दुश्मन काय हळदीकुंकू लावणारे का?"

"मग त्यान्ला बंदूक दावा. बांगड्या कशाला? बांगडी काय शिक्षा हाय?" तिनं आपले दोन्ही मोकळे हात त्यांच्या टेबलावर आपटले. "काढून घेत्यात, ती शिक्षा. ह्ये बघा!"

सर हसले. "तुमाला न्हाय कळायचं त्ये."

मला विचाराल तर तिच्याइतकं त्या शेडमधल्या कुणालाच कळत नव्हतं.

ती नातवाला घेऊनच निघाली होती. गेटवरून रणजितला फोन लावला. तो फोनवरच पेटला. "आये, बांगड्यांनी कुणी मरत न्हाय. आठवड्यानं पळायची चाचणी हाय त्याची. गुमान घरी ये." बापाच्या परवानगीशिवाय पोराला सोडता येत नाही म्हणे. बांगड्या भरायला मात्र कुणाची परवानगी लागत नाही.

चाचणीच्या दिवशी अविराज पळाला. पोरं सांगतात, शेवटच्या वळणावर फांदी मोडल्यासारखा आवाज आला. तो पडला, पण ओरडला नाही. खालचा ओठ मात्र त्यानं दातांनी फाडला होता. बारामतीच्या दवाखान्यात डॉक्टरांनी एक्स-रेचा फोटो दाखवला. हाडाला भेग आधीपासूनच होती, त्याच भेगेवर याला पळवलं. आता आत रॉड बसवावा लागेल.

रणजितनं पहिलं काय विचारावं? "सायेब, रॉड भरतीच्या मेडिकलला चालंल का?"

डॉक्टरांनी नकाराची मान हलवली. रणजित जिन्यात जाऊन भिंतीकडं तोंड करून उभा राहिला. त्याला रडू येत होतं. पण रडायचं कसं, ते त्यालाही कुणी शिकवलं नव्हतं.

गावातल्यांच्या अर्ज-तक्रारी मी लिहून देते, म्हणून रंगूबाई माझ्याकडं आली, आणि प्लास्टरमधल्या पोराला घेऊन आम्ही पोलीस ठाण्यात गेलो. मी, रंगूबाई, छकुली, आणि ओढून आणल्यासारखा रणजित. रणजितला मी वाटेतच समजावत होते, की पोरानं जे झालं तेवढंच सांगायचं. त्यानं सांगितलं तर ते शेड बंद होतं, नाही सांगितलं तर उद्या दुसऱ्याचं पोरगं. रणजित चिडला. "ताई, तुमचं बरं हाय. केस झाली की पेपरात येणार, रणजितच्या पोराला बांगड्या भरल्या. त्यापरीस पाय मोडला येवढंच ऱ्हाऊ द्या. पाय मोडायला लाज न्हाय."

हवालदारांनी मात्र पोराला नीट विचारलं. "बाळा, काय झालं त्या दिवशी? पाय आधी दुखत हुता का? कुणी जबरदस्ती केली?"

अविराजनं बापाकडं पाहिलं नाही. आजीकडं पाहिलं.

"घसरून पडलो," तो म्हणाला.

"आन् त्या हातावरचं?"

"तार लागली."

मी टेबलावर हात आपटला, काय बोलायचं ते बोलले. हवालदार म्हणाले, "ताई, पोरगंच न्हाय म्हणतंय, मी काय लिहू?" तेव्हा रंगूबाई पुढं झाली. "माझं लिवा. बांगड्या मी इकल्या. मापाबिगार इकल्या. समद्या पोरांच्या हातात माझ्याच हुत्या."

"आजी, बांगड्या इकणं काय गुन्हा हाय का? जावा घरी."

रिक्षानं परत निघालो. छकुलीनं भावाचा पाय मांडीवर घेतला होता, खड्डा आला की ती प्लास्टर दोन्ही हातांनी उचलून धरायची. गाव जवळ आलं तसा अविराज वाकून आजीच्या कानाशी म्हणाला, "तुझं नाव आलं असतं गं. बाजारात कुणी हात दिला नसता तुला."

रंगूबाईनं त्याचा हात धरायला हात पुढं केला. पोरानं बाही खाली ओढली आणि हात काखेत दाबून घेतला.

ते शेड आजही सुरू आहे. नवी तुकडी आली, रणगाड्याला नवा रंग दिला. बांगड्या आता दुसरीकडून येतात. रंगूबाई बाजारात बसते, गड्याला हात आणल्याशिवाय बांगडी देत नाही. संध्याकाळी ती घरी बांगड्यांची पेटी उघडायची, काच वाजायची, आणि आतल्या खोलीतून अविराज कुबडी घेऊन अंगणात निघून जायचा. म्हणून ती आता पेटीतल्या बांगड्या चिंध्यांत बांधून, जरासुद्धा न वाजवता आणते.