डबीतला दिवा

विनया सामंतची पीएचडी म्हणजे विरारच्या त्या अख्ख्या सोसायटीच्या चेष्टेचा विषय. माहितीपट! पिक्चरच्या आधी लागायचे आणि लोक तोवर बाहेर वडे खात उभे असायचे, ते. त्यांचा इतिहास, त्यांची यंत्रं, यात बाई सहा वर्षं डोकं घालून बसल्या होत्या. नवरा दिनानाथ बिचारा चहा करून द्यायचा.

२००१ साली गाडं शेवटच्या प्रकरणाशी आलं. सरकारी गाडी गावोगाव माहितीपट दाखवायची, त्यातल्या निवेदनाचा लोकांवर काय परिणाम झाला, यावर तिने साठ पानं लिहिली होती. निवेदकाच्या भारदस्त हिंदीवरच बारा. आता फक्त एक साक्षीदार हवा होता, आणि पंधरा दिवसांत प्रबंध दिला नाही तर नोंदणीच रद्द होणार होती.

साक्षीदार सापडला वसईजवळच्या कामण गावात. नथू पाटील, त्या गाडीवर प्रोजेक्टर चालवायचे, आता निवृत्त. विनयाने टेपरेकॉर्डर लावला. "काका, निवेदन सगळ्यांना नीट ऐकू जायचं ना?"

"कसलं निवेदन? पिक्चरचा आवाज मी बंदच ठेवायचो."

त्यांनी कपाटातून तंबाखूची जुनी डबी काढली. आत कापसात एक इवलासा दिवा. फिल्मच्या कडेला आवाजाची पट्टी असते, तिच्यावर उजेड पाडणारा. तो नसला की पिक्चर मुका. जनरेटरच्या झटक्याने तो उडायचा, आणि उडाला की साहेब लेखी खुलासा मागायचे. म्हणून काकांनी तो काढूनच ठेवला होता. चांगली वीस वर्षं.

"मग लोक ऐकायचे काय?"

"मला. कर्ण्यावरून मीच बोलायचो. ती हिंदी कोनाला समजते?"

साठ पानं पाण्यात. त्या डबीचा तिला असा राग आला की उचलून भिरकावावीशी वाटली.

काकांची बायको कृष्णाबाई दारात हसत उभी होती. "त्या पान्याच्या पिक्चरला तर यांनी कमालच केली, बाय. गढूळ तळं कुठल्या लांबच्या मुलखातलं, आनि हे बोलले, ‘बगा, ही आपल्याच पाड्याची विहीर. सरकारनं गपचूप फोटू काडलाय.’ आमी बायका लाजेनं मेलो. दुसऱ्याच दिवशी सगळा गाळ उपसला."

ही विहीर विनयाला चांगली ठाऊक होती. सरकारी अहवालात होती, तिच्या प्रकरणाच्या एक्केचाळिसाव्या पानावर होती. हिंदी निवेदनाच्या प्रभावाचा पुरावा म्हणून!

"काकू," ती म्हणाली, "हे सगळं परत सांगा. अगदी सावकाश."

"माझं नाव नको टाकू," काका कुरकुरले. "खुलासा मागतील."

"टाक गं," कृष्णाबाई म्हणाली. "आता कोन मागतो?"

साठ पानं रद्दीत गेली. तेरा दिवसांत नवं प्रकरण उभं राहिलं, आणि दिनानाथच्या चहाला तर गणतीच नव्हती. पदवी मिळाल्यावर विनया प्रबंधाची प्रत घेऊन कामणला गेली. काकांनी चष्मा लावला, बोट ठेवून वाचलं: निवेदन, नथू पाटील. पुन्हा एकदा वाचलं. मग उठून त्यांनी ती डबी तिच्या हातात ठेवली.

"हा सरकारी माल जमा कर, बाय. खुलासा तू दिलास."