लाल साबणाचा वास

भाऊजी माझ्या परसात कोसळले तेव्हा मी आत पोहे भिजवत होते. बादली पडल्याचा आवाज आला, म्हणून मी आतूनच विचारलं, "काय पाडलं हो भाऊजी आता?" उत्तर आलं नाही. बाहेर येऊन पाहते तर ते नळाच्या भिंतीला टेकून बसलेले, कपाळ घामानं डबडबलेलं, ओठ पांढरेफटक. दुसरा कोणी असता तर त्यानं छाती धरली असती. भाऊजींनी मात्र दोन्ही हात अंगापासून लांब, हवेत धरले होते आणि त्यांना मनगटाच्या वरपर्यंत हिरवं शेवाळ लागलेलं होतं. मी धावत जवळ गेले तर म्हणाले, "हात नको लावू, कुंदा... हात धुवाचे राह्यले." यापुढे ते काही बोलले नाहीत. शेजारच्यांनी ऑटो आणला, आम्ही दवाखान्यात नेलं, पण डॉक्टरांच्या हाती काही उरलं नव्हतं. या गोष्टीला आता काही आठवडे झाले. भेटायला येणारे विचारतात, शेवटी काही बोलले का? मी सांगते, आणि लोक गोंधळून माझ्याकडे पाहतात. मरणाच्या दारात माणूस देवाचं नाव घेतो, लेकराचं घेतो. हात धुण्याचं कोण बोलतं...

वसंतभाऊजी म्हणजे माझ्या मोठ्या बहिणीचे, शालूताईचे, यजमान. सगळी नोकरी मलाजखंडच्या तांब्याच्या खाणीत गेली, तिथल्या वर्कशॉपमध्ये. निवृत्तीनंतर बालाघाटात आमच्या मागच्याच गल्लीत घर बांधलं. आता ज्यांनी त्यांना फक्त शेवटच्या चार-पाच वर्षांत पाहिलं त्यांना खरं वाटणार नाही, पण हा माणूस मुळात अगदी बिनघोर होता. "काही होत नाही बाप्पा" हे त्यांचं पालुपद. आणि तांब्यावर श्रद्धा तर अशी, की आम्ही देवावरसुद्धा ठेवली नसेल. पाण्याचा हंडा तांब्याचा, पेला तांब्याचा, फिरतीवर न्यायचा गडू तांब्याचा. कोणाचं पोट बिघडलं की यांचं औषध ठरलेलं, "तांब्यातलं पानी पी, जंतू टिकतच नाही त्यात." मी साळी असल्यामुळे थट्टेचा हक्क माझाच. मी म्हणायची, "भाऊजी, एक दिवस तुम्हालेच चिंच लावून घासा लागन." ते खदखदून हसायचे. ते हसणं पुढे बंदच झालं.

कोणीतरी सांगितलं की घरात कासव असलं की घर स्थिर राहतं. झालं, भाऊजी नागपूरला गेले आणि माशांच्या दुकानातून एक हिरवं पिल्लू घेऊन आले, डोळ्यांमागे लाल पट्टा असलेलं, परदेशी जातीचं. बिस्किटाएवढं होतं तेव्हा. मान बाहेर काढायची, चहूकडे नजर टाकायची आणि काही पसंत पडलं नाही की आत ओढून घ्यायची, ही त्याची रीत पाहून भाऊजींनी त्याचं नाव ठेवलं कारभारी. दर सोमवारी देवांना आंघोळ झाली की कारभाऱ्यालाही तांब्याच्या ताम्हनात बसवत, त्याच्यावर पळीपळीनं पाणी सोडत, आणि ताम्हनातलं तेच पाणी तीर्थ म्हणून सगळ्यांच्या तळहातावर येई. मी नाक मुरडलं तर म्हणाले, "अवतार हाय थो विष्णूचा. अन् भांडं तांब्याचं हाय. आनखी काय पाह्यजे तुले?" आता देव आणि तांबं दोन्ही एका बाजूला उभे राहिल्यावर वाद कोण घालणार? शालूताईनं कधी घातला नाही, मी घातला तो तोंडातल्या तोंडात. आम्ही सगळे तीर्थ घ्यायचो आणि कोणाला काही व्हायचं नाही. काही होत नाही, यावर त्यामुळे शिक्कामोर्तबच झालं होतं.

मग ओवी आली. भाऊजींची नात. सून नेहा लांजीची, बोलायला गोड, पण मनातलं लवकर बाहेर न काढणारी. ओवी नुकती पालथी पडायला लागली होती. त्या सोमवारी भाऊजींनी बोट तीर्थात बुडवून तिच्या ओठांना लावलं. लेकरानं ते चोखलं, आणि आम्ही सगळे हसलो. दोन दिवस गेले आणि तिला ताप चढला. मग जुलाब, मग जुलाबातून रक्त. बालाघाटच्या डॉक्टरांनी तपासलं आणि वेळ न घालवता गोंदियाला न्यायला सांगितलं. गाडीत ते पोर रडतही नव्हतं, नुसतं कण्हत होतं, आणि ते रडत नाही याचीच आम्हाला भीती वाटत होती. नेहा सारखी तिच्या नाकापुढे बोट धरून पाहत होती.

गोंदियाच्या डॉक्टरीणबाई शांत होत्या. सलाईन लावता लावता एकेक विचारत गेल्या. वरचं दूध? नाही. बाटली? नाही. घरात कोणी आजारी? नाही. कुत्रा, मांजर, कोंबड्या, पोपट? नाही, नाही. "कासव?" भाऊजींनी मान खाली घातली. आम्हाला कारभारी हा प्राणी वाटतच नव्हता, तो घरातलाच होता. मग तीर्थाचं त्यांनी स्वतःच सांगितलं, काही न लपवता, आणि शेवटी म्हणाले, "पन ताम्हन तांब्याचं हाय, मॅडम." बाई रागावल्या नाहीत. म्हणाल्या, "काका, तांब्यात रात्रभर पाणी ठेवणं वेगळं आणि घटकाभर ओतणं वेगळं. कासवाच्या पोटात, कवचावर, त्याच्या पाण्यात साल्मोनेला नावाचे जंतू असू शकतात. कासव ठणठणीत दिसतं, त्याला काही होत नाही. मोठी माणसं बरेचदा निभावून नेतात. एवढ्या लेकराच्या रक्तात ते गेले तर जीवावर बेततं." तपासणीत तेच निघालं. भाऊजी वॉर्डाबाहेरच्या बाकावर बसून होते. मी चहा नेला तर पेल्याला हात लावेनात. तळहात उलटेसुलटे करून पाहत म्हणाले, "दिसत तं काहीच नाही गं, कुंदा..."

ओवी वाचली. पण घरी परतताना डॉक्टरीणबाईंनी बजावून सांगितलं, की पोर पाच वर्षांची होईपर्यंत घरात कासव नको. कारभारी तिच्या जवळ आला नाही तरी त्याला हाताळलेले हात येतात, कपडे येतात, टब धुतलेलं पाणी येतं. आता कासव न्यायचं कुठे? लोक म्हणाले, वैनगंगेत सोडा, पुण्य लागेल. जंगल खात्यातल्या एका ओळखीच्या माणसानं हात जोडले. परदेशी जात नदीत सोडली की आपल्या कासवांच्या मुळावर येते, असं करू नका म्हणाला. दुकानदार परत घेईना. शेवटी माझ्या घरी लहान मूल नाही म्हणून कारभारी माझ्या परसात आला, आणि त्याच्यामागोमाग रोज सकाळी भाऊजी येऊ लागले.

त्यांच्या काळजीला तिथून जी धार चढली ती मी रोज पाहिली. खिळ्याला एक जुना सदरा टांगलेला, तो कासवाचा. आल्यावर अंगातला काढून हा घालायचा, जाताना उलट. बादली वेगळी, ब्रश वेगळा, दोन्हींवर लाल रंगाचा पट्टा. नळाजवळ जाळीच्या पिशवीत लाल साबण. टबाचं पाणी थेट संडासात. मी म्हटलं, माझ्या वांग्यांना तरी घालू द्या, झाडं तरारतील, तर माझ्यावर असे खेकसले की बस. "तू बी साठीची झाली. म्हाताऱ्यालेही धरते थे, डॉक्टरीनबाईनं सांगतलं ना?" मला टबाला शिवूच दिलं नाही कधी. हात तर इतक्यांदा धुवायचे की हिवाळ्यात भेगांतून रक्त यायचं. मी खोबरेल तेल पुढे केलं तर म्हणायचे, तेलानं चिकटून राहील. अर्ध्या गल्लीतून परत यायचे. "नखं राह्यले काय गं? पाह्य बरं." मी नखं पाहायची. स्वच्छच असायची.

खरं दुखणं वेगळं होतं. बाळ घरी आल्यावर भाऊजी जवळ गेले की नेहाचा पदर आपोआप ओवीवर यायचा. ती बोलली काहीच नाही. त्यांनीही विचारलं नाही, पण ओवीला उचलणं सोडून दिलं. पाळण्याची दोरी धरायचे ती लांबून. नातीच्या अंगाचा वास कसा येतो हे हा माणूस विसरत चालला होता, आणि माझा जीव तुटायचा. बऱ्याच महिन्यांनी एका सकाळी ते माझ्याकडून परतून घराच्या पायरीशी आले आणि नेहापुढे हात करून म्हणाले, "पाह्य बेटा, वास घे. साबन लावला." नेहा वरमली. "बाबा, ऐसा मत करो ना... मले माहीत आहे," म्हणाली. तेवढ्यात तिच्या कडेवरच्या ओवीनंच पुढे वाकून ते हात हुंगले, आणि दोन्ही हात वर केले. घे म्हणून. भाऊजींनी नेहाकडे पाहिलं. नेहानं लेक त्यांच्या हातात दिली.

तेव्हापासून तो नियमच झाला. सकाळी तिचे आबा माझ्याकडून परतले की ओवी पायरीवर हजर. हात हुंगायची, पटलं तर हात वर, नाही पटलं तर "परत जा." आणि हा माणूस खरोखर परत यायचा, साबण लावायचा, पुन्हा जायचा. मी म्हणायची, "भाऊजी, पोट्टी खेळून राह्यली तुमच्यासंगं." ते म्हणायचे, "खेळू दे. तिले सवय लागून राह्यली, हे का कमी हाय?"

त्या दिवशी दवाखान्यातून त्यांना घरी आणलं. बायका-माणसं जमली, रडारड चालली होती. नेहा माझ्या कानाशी आली. "मावशी, हात?" मी नकारार्थी मान हलवली. शेवाळ बोटांवर तसंच वाळलं होतं. ती कोणाला न सांगता माझ्या परसात गेली, लाल साबण घेऊन आली, आणि त्यांच्या उशाशी बसून एकेक बोट, एकेक नख धुतलं. अंघोळ तर पुढे व्हायचीच होती, एक म्हातारी तसं म्हणालीही. नेहानं ऐकून घेतलं नाही. मग ओवीला दर्शनाला आणलं. कोणी म्हणालं, पाया पड बाळा. ती पायांकडे गेलीच नाही. हातांशी गेली, वाकली, नीट वास घेतला... आणि दोन्ही हात वर करून उभी राहिली. मला पुढचं पाहवलं नाही.

कारभारी माझ्याकडेच आहे. कासवं फार जगतात म्हणे, तेव्हा आमच्यात कोण कोणाला पोचवतं ते पाहायचं. सदरा खिळ्याला आहे, तो काढायला हात धजत नाही. नेहानं मला रबरी हातमोजे आणून दिले, आणि टब आता मी धुते, सगळं त्यांच्याच पद्धतीनं, निदान तसं मला वाटत होतं. परवा थंडी फार होती, पाणी हाताला लागवत नव्हतं. मोजे तर घातलेच होते, म्हणून साबण लावला न लावला असं करून मी शालूताईला भेटायला निघाले. पायरीवर ओवी बसली होती. आबा गेल्यापासून ती तिथे बसली नव्हती. मी काही म्हणायच्या आत तिनं माझे हात ओढून घेतले, हुंगले, आणि माझ्याकडे मान वर करून पाहिलं.

"परत जा," ती म्हणाली.

मी आल्या पावली परत फिरले.