लियाकतचाचा गप्प झाले की

लियाकतचाचांना भेटला नसाल तर भीती म्हणजे काय ते तुम्हाला माहीतच नाही! माझी मैत्रीण हमीदा, तिचे अब्बा. द्वारका चौकाजवळच्या टॉकीजमध्ये डोअरकीपर. रविवारी सकाळी तिथं इंग्रजी पिक्चर लागतो, परग्रहावरचे राक्षस वगैरे, आणि इंग्रजी कुणाला कळतंय? म्हणून चाचा टॉर्च घेऊन भिंतीशी उभे राहतात आणि मोठ्यांदा मराठीत स्टोरी सांगतात. राक्षस यायच्या आधी मात्र एकदम गप्प! बस्स. अख्खं थिएटर खुर्चीवर पाय घेऊन बसतं.

पण गेल्या वर्षी, शहाऐंशीत, समोर व्हिडिओ गेमचं दुकान निघालं आणि सगळं पब्लिक तिकडं पळालं. टॉकीजचे मालक धोंडीरामशेठ म्हणाले, "लियाकत, ह्या रविवारी हॉल भरला नाही तर इंग्रजी शो बंद." चाचा जेवेनात. मला इतकं रडू आलं ना, शनिवारी मी आणि हमीदानं त्यांना ओढतच त्या दुकानात नेलं. शत्रू बघून तरी घेऊ!

पडद्यावर वरून हिरवे राक्षस उतरत होते. चाचांनी गेमची दांडी धरली आणि निवांत बघत बसले.

"अब्बा, हलवा ना!"

"थांब गं, आधी स्टोरी तर कळू दे!"

मेले. चाचा परत मेले. तिसऱ्यांदा राक्षस अंगावर आला तर चाचांनी डोळेच मिटले. गेले!

"हे काय बेटा," चाचा घामाघूम, "पिक्चरमध्ये आपण डोळे मिटले तर हिरो बघून घेतो. इथं हिरो पण मीच आणि भित्रा पण मीच!"

सगळं दुकान हसलं. मग काय, खेळणाऱ्यांच्या मागं उभं राहून चाचा सुरू! "आला, डावीकडनं आला, ह्याला सकाळपासून नाश्ता नाही..." आणि मध्येच गप्प. दुकान गार!

"चाचा, पुढं?"

"ह्याचा थोरला भाऊ उद्या साडेनऊला आमच्याकडं येतोय."

रविवारी हॉल फुल्ल! अंधाऱ्या यानात हिरो दोन दारांपुढं उभा. चाचा गप्प. मग त्यांनी टॉर्च आधी एका दारावर मारला, मग दुसऱ्यावर. "बोला, कुठलं उघडायचं?" असं त्यांनी कधीच विचारलं नव्हतं! सगळे ओरडलो, "डावं!"

हिरोनं उजवं उघडलं.

किंकाळ्या, शिट्ट्या, हशा, नुसता दंगा! आणि मागं दाराशी पाय आपटत सगळ्यांच्या वर आवाज कुणाचा? धोंडीरामशेठचा.

"अरे, डावं म्हणलो होतो ना! लियाकत, पुढच्या रविवारी नीट ऐकायला सांग त्याला!"